घोंगडीखालची रात्र

माझा एक दावा प्रतिवादी मेली म्हणून मेला. वाटपाचा दावा होता, ११ वर्षं चाललेला. सात प्रतिवादींपैकी एक म्हातारी आत्या, दुसऱ्या तालुक्यात राहणारी, भर पावसाळ्यात वारली. तिचे वारस ९० दिवसांत रेकॉर्डवर आणायला हवे होते. पक्षकाराने मला सांगितलं नाही, कारण त्याच्या लेखी आत्याचं मरण ही घरातली गोष्ट होती, कोर्टातली नव्हे. आणि मी विचारलं नाही, कारण ‘घरी सगळे जिवंत आहेत ना’ असं दर तारखेला विचारायची काही पद्धत नाही. ९० दिवस गेले, पुढचे ६० गेले, विलंबमाफीचा अर्ज फेटाळला गेला. दावा अबेट, म्हणजे आपोआप संपलेला. पक्षकार माझ्या टेबलासमोर बराच वेळ बसला आणि एवढंच म्हणाला, “साहेब, पण जमीन तर तिथंच आहे ना?”

चूक माझीच होती. वकिली सोडल्यावर बाकीचे दावे हळूहळू विसरलो, हा विसरलो नाही. आणि तो मला पुन्हा भेटला तो आइसलंडमधल्या ७०० वर्षांपूर्वीच्या एका पुस्तकात.

लेक म्युनिकला असते. एका सुट्टीत येताना तिने न्यालच्या सागेचं, म्हणजे जुन्या आइसलंडी भाषेतल्या एका लांबलचक गद्यकथेचं, इंग्रजी भाषांतर आणलं. “बाबा, यात सगळे तुमचेच लोक आहेत,” म्हणाली. मला वाटलं, तलवारी, जहाजं, लुटालूट असणार. वकिलाच्या घरात तसे लोक कुठले? पण साठ-सत्तर पानं वाचून झाली आणि तिचं म्हणणं पटलं. ही माणसं कुऱ्हाड उचलतात हे खरं, पण त्याआधी नोटीस बजावतात. साक्षीदार नेमतात, शेजाऱ्यांना पंच म्हणून बोलावतात, आणि एक शब्द इकडचा तिकडे झाला तर प्रकरण मोडतं. मुख्य माणूस न्याल. त्याला दाढी येत नाही म्हणून लोक त्याची टिंगल करतात, पण कायद्यात त्याचा हात धरणारा देशात कोणी नाही.

ही सागा साधारण १२८० च्या सुमाराला लिहिली गेली. लेखकाचं नाव कोणाला ठाऊक नाही. त्यातल्या घटना त्याच्या पावणेतीनशे वर्षं आधीच्या. न्यालच्या मुलांनी एक अन्यायाचा खून केलेला असतो. त्याचा सूड म्हणून फ्लोसी नावाचा सरदार माणसं घेऊन येतो आणि न्यालच्या घराला वेढा घालून आग लावतो. बायकांना, मुलांना, गड्यांना बाहेर जाऊ देतात. न्यालला स्वतःलाही बाहेर यायला सांगतात. तो म्हणतो, मी म्हातारा झालो, मुलांचा सूड घ्यायची ताकद माझ्यात नाही आणि लाज घेऊन जगायची इच्छा नाही. बायको बेर्गथोरा म्हणते, तरुणपणी मला न्यालला दिलं, मी त्याच्याबरोबरच राहणार. नातू आजीचा हात सोडत नाही. मग तिघं पलंगावर आडवी होतात आणि कारभाऱ्याला सांगतात, आमच्यावर बैलाचं कातडं पांघर.

त्याच्या थोडं आधी, आगीला घाबरून रडणाऱ्या बायकांना न्याल सांगतो की देव दयाळू आहे, तो आपल्याला या जगात आणि पुढच्या जगात अशा दोन्हीकडे जाळणार नाही. हे वाक्य वाचून मी पुस्तक मिटून ठेवलं. एकाच गुन्ह्याला दोनदा शिक्षा नाही, हे तत्त्व कोणत्याही फौजदारी वकिलाला झोपेतसुद्धा पाठ असतं. ते जळत्या घरात देवाच्या बाबतीत लावणारा माणूस मात्र मी पहिल्यांदाच पाहिला. श्रद्धा म्हणावी तर ती हीच, आणि युक्तिवाद म्हणावा तरीही हाच.

मग खटला. आल्थिंग, म्हणजे दरवर्षी उन्हाळ्यात भरणारी देशाची सभा. दोन्ही बाजूंचे शेकडो लोक शस्त्रांसह हजर. आरोपींच्या बाजूने एयोल्फ नावाचा कायदेपंडित उभा राहतो. त्याने सोन्याचं कडं घेऊन हे काम पत्करलेलं असतं. पानामागून पानं हरकती आणि प्रतिहरकती. कंटाळतील असे वाचक असतील. मी जेवायला उठलो नाही. शेवटी प्रकरण वरच्या कोर्टात जातं. तिथे न्यायकर्ते ४८. दोन्ही पक्षांनी सहा-सहा वगळायचे आणि निकाल ३६ जणांनी द्यायचा. एयोल्फ आपले सहा वगळतच नाही. अशा वेळी ते सहाही फिर्यादीनेच वगळायचे असतात आणि फिर्यादीचा वकील ते विसरतो. निकाल ४२ जणांकडून लागतो. निकाल रद्द! इतकी माणसं जाळली ती जाळलीच, घर राख झालं ते झालंच, पण सहा डोकी जास्त झाली म्हणून खटला संपला. जमीन तर तिथंच आहे ना?

न्यालने ज्याला कायदा शिकवला तो थोरहाल पायाला मोठं गळू झाल्यामुळे सभेच्या तंबूत पडून होता आणि तिथूनच सल्ले पाठवत होता. निकाल रद्द झाल्याचा निरोप येतो. तो एक शब्द बोलत नाही. भाला उचलतो, आधी स्वतःच्या पायातलं गळू फोडतो, त्याच पायाने न लंगडता बाहेर पडतो आणि समोर आलेल्या पहिल्या शत्रूला मारतो. लढाई सुरू होते, न्यायसभेच्या आवारातच. मी माझ्या आयुष्यात फक्त पेन खाली ठेवलं होतं, पण थोरहालचा तो पाय मला समजतो.

हे सगळं खरंच असं घडलं का? इथे मला कोनराड माउरर भेटला, आणि गेली तीन-चार वर्षं मी त्याच्याच नादी आहे.

माउरर हा १८२३ साली जन्मलेला जर्मन. शिक्षण कायद्याचं, आणि १८४७ पासून म्युनिकच्या विद्यापीठात कायद्याचाच प्राध्यापक. त्याचे वडील गेओर्ग लुडविग हेही कायद्याचे इतिहासकार. जर्मन खेड्यांतली सामाईक जमीन कशी चालायची यावर त्यांनी आयुष्य घालवलं. या वडिलांचा आपल्याशी एक धागा आहे. हेन्री मेन १८६० च्या दशकात हिंदुस्थान सरकारचा कायदा सदस्य होता. परत गेल्यावर १८७१ मध्ये त्याने पूर्वेकडच्या आणि पश्चिमेकडच्या ग्रामसंस्थांची तुलना करणारी व्याख्यानं छापली, तेव्हा पश्चिमेकडच्या बाजूचा मोठा आधार या थोरल्या माउररचा होता. आम्हाला कॉलेजात मेन शिकवला तो ‘दर्जाकडून कराराकडे’ या एका वाक्यापुरता. त्याच्या मागे म्युनिकमधला एक म्हातारा उभा आहे हे मला साठी उलटल्यावर कळलं.

धाकट्या माउररने वडिलांचा रस्ता सोडून उत्तरेकडची वाट धरली. १८५५ आणि १८५६ साली त्याचा नॉर्वे-आइसलंडच्या लोकांच्या ख्रिस्तीकरणावरचा ग्रंथ दोन खंडांत आला, हजारावर पानांचा. तेव्हा त्याने आइसलंडचा किनाराही पाहिलेला नव्हता! १८५८ मध्ये तो पहिल्यांदा गेला, महिनोन्‌महिने घोड्यावरून देशभर फिरला. कोर्टकचेऱ्यांचा इतिहासकार, पण शेतकऱ्यांच्या चुलीपाशी बसून भुताखेतांच्या गोष्टी लिहून घेत होता. १८६० मध्ये त्या छापल्या. आइसलंडच्या लोककथांचा योन आरनासनने केलेला मोठा संग्रह लाइपझिगमध्ये छापला गेला, त्यामागेही त्याचीच खटपट. डेन्मार्कच्या राज्यात आइसलंडचे घटनात्मक हक्क काय यावर त्याने जर्मन वर्तमानपत्रात आइसलंडच्या बाजूने लिहिलं, तेव्हा तिथल्या पुढाऱ्यांनी ते भाषांतरित करून घेतलं. एका परक्या प्राध्यापकाचं लिहिणं तिकडे दाखल्यासारखं वापरलं गेलं.

लेकीने त्या खंडांच्या स्कॅन केलेल्या प्रती मिळवल्या. जुनी काटेरी जर्मन अक्षरं, तिलाही सहज वाचता येत नव्हती. रविवारी संध्याकाळी व्हिडिओ कॉलवर ती अडखळत वाचायची, मराठीत सांगायची आणि मी वहीत लिहून घ्यायचो. आयुष्यभर मी उलटतपास घेतला, पण असा संथ सरतपास कधी घेतला नव्हता.

मला त्याच्यातलं आवडलं ते हे, की तो साहित्य, कायदा आणि धर्म यांची तीन कपाटं करत नाही. सागा म्हणजे त्याच्यासाठी साक्षीदार आहे, आणि साक्षीदाराला विचारायचे प्रश्न तो विचारतो: तू तिथे होतास का, तुला कोणी सांगितलं, त्यात तुझा फायदा काय? पुढे १८८३ मध्ये कार्ल लेमान आणि त्याच्या जोडीदाराने न्यालच्या सागेतला कायदा असाच तपासला. खटल्यातली पुष्कळशी वाक्यं नंतरच्या, लिखित कायद्याच्या पुस्तकांतून आल्याचं त्यांनी दाखवलं. म्हणजे सागाकाराने पुढ्यात बुकं ठेवून जुन्या माणसांच्या तोंडी नवा कायदा घातला होता. काही विद्वानांना तेव्हा सागेची किंमत उतरली असं वाटलं. मला उलट वाटलं. ज्याला कोर्टाची एवढी चीड आणि एवढं प्रेम होतं, तो पुस्तक उघडणारच.

तर ख्रिस्तीकरण. याचा सर्वांत जुना साक्षीदार आरी थोरगिल्सन. बाराव्या शतकाच्या पूर्वार्धात त्याने आपल्या देशाचा छोटासा इतिहास लिहिला, लॅटिनऐवजी स्वभाषेत. सातव्या वर्षी तो हाउकादालला शिकायला गेला आणि १४ वर्षं तिथे राहिला. त्या घरचा यजमान म्हातारा हाल. मी तीन वर्षांचा असताना थांगब्रांड पाद्र्याने मला बाप्तिस्मा दिला, हे मला आठवतं, असं तो सांगायचा. देश ख्रिस्ती झाला त्याच्या एक वर्ष आधीची ही आठवण. हाल ९४ वर्षांचा होऊन १०८९ मध्ये वारला. म्हणजे आरीच्या हाती प्रत्यक्ष पाहिलेला माणूस होता, फक्त तेव्हा तीन वर्षांचा. दुसरा साक्षीदार तेइत, आणि तो ख्रिस्ती पक्षाच्या पुढाऱ्याचा, गिसुरचा, सख्खा नातू. हितसंबंधी साक्षीदार. त्याची साक्ष फेटाळायची नसते, पण जपून घ्यायची असते.

नॉर्वेचा राजा ओलाफ ट्रिग्वासन याने हा थांगब्रांड आइसलंडला पाठवला. पाद्री तापट. त्याच्यावर टवाळीची कवनं झाली, तेव्हा त्याने कवींना मारून टाकलं आणि परत जाऊन राजाला सांगितलं की तिथे काही होण्यासारखं नाही. राजाने चिडून नॉर्वेत असलेल्या आइसलंडकरांना धरलं. गिसुर आणि त्याचा जावई हियाल्ती यांनी मध्यस्थी केली, आम्ही पुन्हा प्रयत्न करतो म्हणाले. या हियाल्तीला आधीच्याच वर्षी देवनिंदेबद्दल हद्दपारीची शिक्षा झालेली. त्याने भर सभेत फ्रेया देवीला कुत्री म्हणणारी दोन ओळींची कविता केली होती. मूळ भाषेत तिला यमकही झकास आहे.

१००० सालच्या उन्हाळ्यात (काहींच्या हिशोबाने ९९९) दोन्ही पक्ष आल्थिंगला समोरासमोर आले. साक्षीदार ठेवून दोघांनी एकमेकांना जाहीर केलं, की तुमचा आमचा कायदा आता एक नाही. या देशात राजा नव्हता, पोलीस नव्हते, लिहिलेला कायदाही नव्हता. ९३० पासून जे होतं ते एवढंच: एक निवडलेला माणूस कायद्याच्या खडकावर उभा राहून दरवर्षी एक तृतीयांश कायदा पाठ म्हणणार, तीन वर्षांत सगळा. आपल्याकडे घनपाठी असतात तसा तो कायदेपाठी. लोकांना एकत्र बांधणारी दोरी म्हणजे त्या एका माणसाचं पाठांतर. त्यामुळे ‘कायदा वेगळा’ म्हणजे देश वेगळा.

ख्रिस्ती पक्षाने आपल्यातल्या सिदाच्या हालला (हा हाउकादालच्या म्हाताऱ्याहून वेगळा) सांगितलं, आमचा कायदा तू सांग. हालने काय केलं? तो गेला तो थेट कायदेपाठी थोरगेइरकडे. हा थोरगेइर जुन्या धर्माचा. त्याच्याशी हालने ठरवलं की सगळ्यांचा कायदा तूच सांग. आरीने इथे जे क्रियापद वापरलंय त्याचा अर्थ ‘ठरवलं’ असाही होतो आणि ‘विकत घेतलं’ असाही. न्यालच्या सागेत तर तीन मार्क चांदी दिल्याचं सरळ लिहिलंय. फी की लाच? विद्वान यावर अजून घासाघीस करतात. माझा अंदाज विचाराल तर, दोन्ही पक्षांना मान्य होईल असा मध्यस्थ शोधून त्याचं मानधन एका पक्षाने भरणं, हे मी कैक वेळा पाहिलंय. आणि त्या मध्यस्थाने पैसे देणाऱ्याच्याच बाजूने कौल दिला तर गावात काय बोललं जातं, तेही ऐकलंय.

थोरगेइर आपल्या तंबूत गेला, आडवा झाला, अंगावर घोंगडी ओढली. तो दिवसभर आणि पुढची रात्रभर एक अक्षर बोलला नाही. योन ह्नेफिल आदाल्स्टेइन्सन या आइसलंडच्या अभ्यासकाचं म्हणणं असं, की हा कौल घेण्याचा जुना विधी होता; म्हणजे नवा धर्म घ्यावा की नाही हे जुन्या रीतीने विचारलं गेलं. असेलही. मला आपलं वाटतं, की माणसाला रात्रभर शब्द जुळवायचे असतील तर घोंगडीसारखी जागा नाही. आपल्याकडे प्रकरण लांबलं की ‘भिजत घोंगडं’ म्हणतात. याचं एका रात्रीत वाळलं.

सकाळी त्याने सगळ्यांना खडकापाशी बोलावलं. आधी दोन राजांची गोष्ट सांगितली, त्यांना भांडायचं होतं पण प्रजेने समेट करायला लावला. मग म्हणाला, सगळ्यांचा एकच कायदा आणि एकच धर्म असू द्या. आपण कायदा फाडला तर शांतताही फाडू. सगळे कबूल झाले, आणि मग त्याने काय ते सांगितलं. सर्वांनी ख्रिस्ती व्हायचं, बाप्तिस्मा घ्यायचा. पण घोड्याचं मांस खाण्याबद्दल आणि नको असलेलं मूल टाकून देण्याबद्दल जुनाच कायदा राहील. जुन्या देवांना बळी द्यायचा तर गुपचूप द्यावा. साक्षीदार निघाले तर मात्र तीन वर्षांची हद्दपारी.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा हसलो. ही तर तडजोडीची पुरसिस! कलम एक, दोन, तीन, खाली उभय पक्षांच्या सह्या. ‘साक्षीदार निघाले तर’ हे कलम तर एखाद्या मुरलेल्या दिवाणी वकिलाचं. श्रद्धा बदलायची ताकद कायद्यात नाही हे ओळखून त्याने फक्त चव्हाट्यावरच्या वागण्याला हात लावला. पुष्कळांना हे ढोंग वाटतं. मला ते बराच काळ शहाणपण वाटलं, आणि मी ते मित्रमंडळींत रंगवून सांगायचोही. सभेहून परतताना लोकांनी थंड पाण्यात बुडायला नकार दिला आणि ऊन पाण्याच्या झऱ्यावर जाऊन बाप्तिस्मा घेतला, हे तर टाळीचं वाक्य. हियाल्तीवर देवनिंदेचा खटला भरणारा म्हातारा रुनोल्फ बाप्तिस्म्याच्या रांगेत आला आणि त्याच्या तोंडात विधीचं मीठ पडलं. तेव्हा हियाल्ती म्हणाला, म्हाताऱ्या सरदाराला आता मीठ चघळायला शिकवतोय आम्ही.

एका रविवारी लेक वाचता वाचता थांबली. “बाबा, मूल टाकण्याचं कलम कोणी मागितलं असेल?”

जुन्या पक्षाने, मी म्हणालो. गरिबी, दुष्काळ, खाणारी तोंडं जास्त.

“ते कळलं. पण त्या मुलाच्या वतीने वकीलपत्र कोणाचं होतं?”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. तडजोडीत दोन पक्ष असतात आणि दोघंही थोडं थोडं सोडतात असं आम्ही पक्षकारांना समजावतो. पण इथे दोघांनी जे सोडलं ते तिसऱ्याच्या वाट्याचं होतं, आणि तो तिसरा खडकापाशी नव्हता, त्याला नावही नव्हतं. आरी म्हणतो की थोड्याच वर्षांत या सवलती काढून टाकल्या. ‘थोडी’ म्हणजे किती मुलं, हा हिशोब कोणत्याच सागेत नाही.

मग मी ग्रागासकडे वळलो, म्हणजे त्यांच्या कायद्याच्या लिखित रूपाकडे. १११७ च्या हिवाळ्यात हाफ्लिदी मारसनच्या शेतघरी कायदा लिहून काढायला सुरुवात झाली. हाती आलेल्या मोठ्या प्रती तेराव्या शतकाच्या मधल्या. त्यातल्या ख्रिस्ती कायद्याच्या विभागाची सुरुवात बघा: प्रत्येक जन्मलेलं मूल, कितीही व्यंग असलं तरी, बाप्तिस्म्याला न्यायचं. वाटेत जीव जाईलसं वाटलं तर साध्या माणसानेही बाप्तिस्मा द्यायचा. गोडं पाणी नसेल तर समुद्राचं, तेही नसेल तर बर्फ. ज्या देशाने टाकलेल्या मुलासाठी कलम केलं होतं, त्याच देशाच्या कायद्याच्या सुरुवातीलाच सव्वाशे-अडीचशे वर्षांनी हे असं. मला यात पश्चात्ताप दिसतो. कायद्याच्या पुस्तकात पश्चात्ताप शोधू नये हे मला कळतं.

गेल्या वर्षी जूनमध्ये आम्ही दोघं थिंगवेत्लिरला, आल्थिंग भरायची त्या जागी, गेलो. कायद्याचा खडक नक्की कुठला हे आज ठामपणे सांगता येत नाही. एका उंचवट्यावर झेंड्याचा खांब लावलाय आणि सगळे तिथेच फोटो काढतात. वारा इतका, की कायदेपाठ्याचा आवाज लोकांपर्यंत कसा पोहोचत असेल हा प्रश्नच पडला. मागे लाव्हाची उभी भिंत आहे, तिच्यावरून आवाज परत येत असावा. धर्म बदलला त्याच सभेत ज्वालामुखी फुटल्याची बातमी आली होती म्हणे. जुन्या पक्षाचे लोक म्हणाले, देव कोपले. स्नोरी नावाचा सरदार म्हणाला, आता आपण उभे आहोत तो लाव्हा जळत होता तेव्हा देव कशावर कोपले होते? असला बिनतोड उलटप्रश्न विचारायला मिळावा म्हणून माणूस वकिली पत्करतो.

खांबापासून थोडं खाली ओढ्यावर एक डोह आहे. पाणी काळंभोर, काठावर पाटी. सतराव्या-अठराव्या शतकांत इथे १८ बायकांना बुडवून मारलं. तोवर देश लूथरपंथी झालेला आणि अनीतीच्या गुन्ह्यांना देहदंड देणारा कायदा आलेला. कोणी व्यभिचाराबद्दल, कोणी लपवून बाळंत होऊन मूल मारल्याबद्दल. पुरुषांना कुऱ्हाड, बायकांना पाणी. लेकीने पाटी दोनदा वाचली. मी खांबाकडे पाहिलं. अंतर चालत काही मिनिटांचं.

तिथून आम्ही पूर्वेला लाउगारवात्नला गेलो. तळ्याकाठी दगडांनी बांधलेलं एक लहानसं कुंड, ऊन पाण्याचं. सभेहून परतणाऱ्या लोकांनी बाप्तिस्मा घेतला तो झरा हाच, असं मानतात. शेजारी गवतात काही दगड ओळीने ठेवलेत. शेवटचा कॅथलिक बिशप योन आरासन याचा आणि त्याच्या दोन मुलांचा १५५० मध्ये शिरच्छेद झाला. (होय, कॅथलिक बिशपाची मुलं, आइसलंडमध्ये त्यावरही तडजोड होती.) पुढच्या वर्षी त्यांचे देह उत्तरेकडे नेताना लोकांनी ते इथे उतरवले, याच पाण्याने धुतले आणि या दगडांवर ठेवले.

आसपास कोणी नव्हतं. लेकीने बाही वर करून पाण्यात हात घातला.

“गरम आहे?” मी विचारलं.

“आंघोळीला काढतो तेवढं,” ती म्हणाली, आणि हात पाण्यातच राहू दिला.